कवटी, मेंदू आणि हुशारी: सोलापूरकरांचे नेहमीचे प्रश्न

बरीच वर्षं कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवलं. निवृत्त झाल्यापासून कापडी पिशवीत प्लॅस्टिकची कवटी घालून शाळांत, महिला मंडळांत, विडी घरकुलात (विडी कामगारांच्या वसाहतीत) बोलायला जातो. बोलून झालं की चिठ्ठ्या येतात, आणि रात्री जेवणं उरकली की फोनवर उरलेले प्रश्न. तेच तेच येतात म्हणून उत्तरं एकदाच लिहून ठेवतोय. प्रश्न शक्यतो विचारणाऱ्यांच्याच शब्दांत आहेत. मी डॉक्टर नाही. जिथे डॉक्टरांकडेच जायला हवं, तिथे तसं लिहिलंय.

१. कवटी म्हणजे एकच हाड असतंय ना?

नाही. मोठ्या माणसाच्या कवटीत २२ हाडं असतात: ८ मेंदूभोवतीची आणि १४ चेहऱ्याची. त्यातला खालचा जबडा तेवढा हलतो, बाकीची एकमेकांत पक्की बसलेली असतात. कानाच्या आतली ६ इवली हाडं वेगळी मोजतात.

दोन हाडं जुळतात तिथे नागमोडी रेषा दिसते. तिला शिवण म्हणतात, आणि ती खरंच गोधडीच्या टाक्यांसारखी दिसते. जुन्या बायका कवटीवरच्या या रेषांना सटवाईचं अक्षर म्हणायच्या: पाचवीला येऊन ती कपाळावर नशीब लिहून जाते, ते हेच. कवटी हातात घेऊन पाहिली की ही समजूत का झाली असेल ते कळतं. कुणीतरी घाईघाईत मोडीत लिहावं तशी ती रेघ दिसते. वाचता मात्र कुणालाच आलेली नाही.

२. मेंदू आत कसा बसलेला असतो? डोकं हलवलं की हलतो का?

थोडा हलतो. जिवंत मेंदू फार मऊ असतो, ताज्या खव्याइतका. प्रयोगशाळेतल्या बरणीतला मेंदू घट्ट वाटतो तो औषधामुळे. हाड आणि मेंदू यांच्यामध्ये तीन आवरणं असतात, आणि आतल्या दोन आवरणांच्या मध्ये पाण्यासारखा द्रव असतो. एका वेळी हा द्रव जेमतेम १५० मिलिलिटर असतो, पण शरीर रोज साधारण अर्धा लिटर नवा बनवतं आणि जुना रक्तात सोडतं.

या द्रवात मेंदू तरंगतो. १३०० ते १४०० ग्रॅमचा मेंदू त्यात जणू ५० ग्रॅमचाच उरतो. विहिरीत बादली बुडलेली असताना हलकी लागते, पाण्याबाहेर आली की हात ओढते, तसंच हे. द्रव नसता तर मेंदू स्वतःच्याच वजनाने तळाशी दबला असता. मात्र गाडीवरून पडताना डोकं एकदम थांबतं आणि आतला मेंदू थांबत नाही. तिथून पुढचं प्रश्न १४ मध्ये.

३. बाळाची टाळू भरायची की नाही? डॉक्टर नको म्हणतात, सासूबाई ऐकत नाहीत.

बाळाच्या डोक्यावर दोन मऊ जागा असतात. मागची लहान, ती दोन-तीन महिन्यांत बुजते. पुढची शंकरपाळ्याच्या आकाराची, ती साधारण दीड वर्षापर्यंत बुजते, काहींना थोडा जास्त वेळ लागतो. ही जागा मुद्दाम मोकळी असते. जन्मताना हाडं एकमेकांवर सरकून डोकं बाहेर यावं, आणि नंतर झपाट्याने वाढणाऱ्या मेंदूला जागा मिळावी, म्हणून. दोन वर्षांचं होईतो मेंदू मोठ्या माणसाच्या मेंदूच्या पाऊण ते ऐंशी टक्क्यांपर्यंत पोचलेला असतो.

तेल आत झिरपून मेंदूला मिळत नाही. कातडीखाली जाड आवरण आहे. त्यामुळे 'तेल लावलं म्हणून हुशार' हे खरं नाही, आणि हलक्या हाताने लावल्याने मेंदूला इजा होत नाही हेही तितकंच खरं. सासूबाईंना हलक्या हाताने लावू द्या. ओतून, थापून, जोर देऊन मात्र नको. लक्ष द्यायचं ते दुसऱ्याच गोष्टीकडे. जुलाब-उलट्या होत असताना टाळू खोल गेली तर बाळाच्या अंगातलं पाणी कमी झालंय. बाळ शांत, उभं धरलेलं असतानाही टाळू फुगलेली, ताणलेली वाटली तर त्याच दिवशी डॉक्टर गाठायचे.

४. डोकं गोल यावं म्हणून दाबतात, मोहरीची उशी देतात. त्याने फरक पडतो का?

दाबू नका. बाळ एकाच कुशीवर किंवा सतत पाठीवर झोपलं की डोकं एका बाजूला चपटं होतं. बसू-रांगू लागलं की ते बहुतेक वेळा आपोआप भरून येतं. जागेपणी, तुमच्या नजरेसमोर, दिवसातून थोडा थोडा वेळ पोटावर पालथं ठेवलं तर लवकर येतं. उशी कसलीच नको, मोहरीचीही नाही. पहिल्या वर्षात झोपताना नाकाशी मऊ वस्तू असणं धोक्याचं.

चपट्या डोक्याचा बुद्धीशी संबंध नाही. अपवाद एकच: शिवणी वेळेआधीच जुळल्या तर डोकं एका दिशेने लांबट किंवा वेडंवाकडं वाढत जातं, आणि हाताला शिवणीवर कडा लागते. ते दाबून सुटत नाही, बालरोगतज्ज्ञांना लवकर दाखवावं लागतं.

५. मोठं डोकं, रुंद कपाळ म्हणजे हुशार. आमच्याकडे सगळेच म्हणतात. खरंय का?

सर्वांत जास्त वेळा आलेला प्रश्न हाच. नाही.

नुसत्या वजनावर अक्कल ठरली असती तर आपण सगळे हत्तीच्या शिकवणीला बसलो असतो. त्याचा मेंदू साडेचार-पाच किलोचा. शरीराच्या मानाने मोजू म्हटलं तर काही चिमुकले प्राणी आपल्या पुढे जातात. नामशेष झालेल्या निअँडरथल माणसाचा मेंदू आपल्याएवढाच होता, काहींचा किंचित मोठा.

माणसामाणसांतली उदाहरणं तर आणखी मजेशीर. रशियन लेखक तुर्गेनेव्ह यांचा मेंदू मृत्यूनंतर भरला २०१२ ग्रॅम. फ्रेंच लेखक अनातोल फ्रान्स यांचा १०१७. म्हणजे निम्मा, आणि नोबेल मिळालं ते या निम्मेवाल्यांना. आइनस्टाइन १९५५ साली वारले तेव्हा शवविच्छेदन करणाऱ्या डॉक्टरने घरच्यांना न विचारता मेंदू काढून ठेवला. वजन १२३०, म्हणजे सरासरीहून कमीच. पुढे कित्येक वर्षं त्याच्या फोडींत लोक प्रतिभा शोधत राहिले.

बुद्धिमापन चाचणीचा पाया घालणारे आल्फ्रेड बिने सुरुवातीला शाळकरी मुलांची डोकीच मोजत होते. हुशार आणि मागे पडलेल्या मुलांच्या मापांत फरक इतका किरकोळ निघाला की त्यांनी टेप खाली ठेवली आणि १९०५ साली मुलांना प्रश्न विचारणारी चाचणी काढली. मला हा माणूस यासाठी आवडतो. स्वतःचीच मापं खोटी पाडताहेत हे दिसल्यावर त्यांनी मापं सोडली, हट्ट धरला नाही.

हजारो लोकांच्या मेंदूंचे फोटो एकत्र पाहिले की आकार आणि चाचणीतले गुण यांत बारीकसा संबंध सापडतो. पण तो इतका कमजोर आहे की समोरच्या एका मुलाबद्दल त्यावरून काहीही सांगता येत नाही. टोपीचा नंबर टोपीवाल्याच्याच कामाचा. डोकं वयाच्या मानाने फारच लहान किंवा फारच मोठं असेल तर गोष्ट वेगळी, त्यासाठी प्रश्न १६.

६. डोक्यावरच्या उंचवट्यांवरून स्वभाव सांगणारे असतात, ते शास्त्र आहे का?

होतं, असं त्यांना वाटायचं. फ्रान्झ योझेफ गाल (१७५८–१८२८) हा व्हिएन्नातला डॉक्टर. शाळेत असताना त्याच्या लक्षात आलं की पाठांतरात पुढे असणाऱ्या मुलांचे डोळे बटबटीत आहेत. त्यावरून त्याने ठरवलं की शब्दांची स्मृती डोळ्यांच्या मागे राहते आणि वाढली की डोळे पुढे ढकलते! पुढे त्याने मेंदूत २७ गुणांच्या जागा ठरवल्या आणि म्हटलं, जो गुण जास्त त्या जागी कवटी फुगते. हे वेड युरोपभर पसरलं, एकोणिसाव्या शतकात कलकत्त्यातही त्याची सोसायटी निघाली.

चूक कुठे होती? कवटीचा बाहेरचा पृष्ठभाग आतल्या मेंदूचा साचा नसतो. हाडाची जाडी जागोजाग बदलते. भुवयांच्या वर हात लावून पाहा, तिथला फुगवटा म्हणजे हाडातली पोकळी आहे, सर्दीत जिथे ठणकतं ती. तिथे हवा असते. गालचे चेले तिथे गुण वाचत होते.

पण गालला पूर्ण मोडीत काढू नये. मेंदूच्या वेगवेगळ्या भागांना वेगवेगळी कामं असतात, ही त्याची मूळ कल्पना टिकली. प्रश्न ८ पाहा.

७. मग इंग्रजांनी आपल्या लोकांची डोकी-नाकं मोजली होती ती कशासाठी?

माणसांची उतरंड 'शास्त्राने' पक्की करण्यासाठी. अमेरिकेत सॅम्युएल मॉर्टन कवट्यांत मोहरी भरून मापत असे. दाणे कमीजास्त दाबले की माप बदलायचं, म्हणून पुढे शिशाचे छर्रे वापरले. आपल्याकडे १९०१ च्या जनगणनेचे आयुक्त हर्बर्ट रिस्ली यांनी नाकाच्या मापावरून जातींचा चढउतार लावायचा प्रयत्न केला. डॉ. आंबेडकरांनी १९४८ साली असलीच नाकाची मापं हाती घेऊन उलटं दाखवलं: ब्राह्मण आणि अस्पृश्य वंशाने वेगळे नाहीत.

आणि एक आपल्या घरची गोष्ट. इरावती कर्वे १९२८ साली बर्लिनला संशोधनाला गेल्या. मार्गदर्शक होते ऑयगन फिशर. पुढे नाझींच्या वंशविचाराला ज्यांच्या लिखाणाचा आधार झाला, तेच. त्यांचं म्हणणं असं की गोऱ्यांच्या कवटीची उजवी-डावी बाजू विषम असते आणि त्यातून त्यांची जास्तीची विचारशक्ती दिसते. इरावतीबाईंनी १४९ कवट्या मोजल्या आणि प्रबंधात लिहून टाकलं: विषमतेचा आणि वंशाचा संबंध आढळत नाही. परक्या देशात, मार्गदर्शकाच्याच तोंडावर. आपल्याकडे बाई आठवतात त्या लेखिका म्हणून. शाळांत मी हा प्रसंग न चुकता सांगतो, आणि मुलींच्या रांगेतली चुळबुळ थांबते.

८. म्हणजे मेंदूत भाषेची, रागाची, स्मरणशक्तीची अशी जागाच नसते?

असते, पण खोलीसारखी नसते. एसटी स्टँडसारखी असते. एक गाडी अनेक स्टँडांवरून जाते आणि एका स्टँडवर अनेक गाड्या येतात.

१८६१ साली पॅरिसमध्ये पॉल ब्रोका यांच्याकडे एक रुग्ण आला. त्याला सगळं समजे, पण तोंडातून निघे फक्त 'टॅन'. तो वारल्यावर डाव्या कपाळामागच्या भागात बिघाड सापडला. हाच ब्रोकांचा भाग. १८७४ साली कार्ल वेर्निके यांनी कानाच्या मागच्या बाजूचा भाग दाखवला, जिथे बिघडलं की माणूस घडाघडा बोलतो पण त्याला अर्थ नसतो. पक्षाघाताच्या रुग्णांत हे दोन्ही प्रकार आजही दिसतात. घरच्यांना वाटतं 'डोक्यावर परिणाम झालाय'. तसं नाही. पहिल्या प्रकारच्या माणसाला तुमचं बरंचसं बोलणं कळत असतं, म्हणून त्याच्यासमोर त्याच्याबद्दल काहीबाही बोलू नका.

दुसरा प्रसिद्ध किस्सा अमेरिकेतला. १३ सप्टेंबर १८४८ रोजी रेल्वेमार्गावर सुरुंग ठासताना फिनिअस गेज या मुकादमाच्या गालातून सुमारे सहा किलोची लोखंडी पहार घुसून टाळूतून बाहेर पडली. तो जगला, साडेअकरा वर्षं. वागण्यात मात्र बदल झाला असं त्याच्या डॉक्टरने नोंदवलं. कपाळामागचा मेंदू आवर घालणं, बेत आखणं यांत गुंतलेला आहे याचा हा पहिला मोठा धडा. लोक पुढे मीठमसाला लावून त्याला पार गुंड करून टाकतात. प्रत्यक्षात त्याने नंतर चिली देशात घोड्यांची टपालगाडी हाकली, जे आवर नसलेल्या माणसाचं काम नव्हे.

९. डावा मेंदू गणिताचा, उजवा कलेचा. मग डावखुऱ्यांचं काय?

पहिलं वाक्यच अर्धवट आहे. दोन्ही बाजू जाड तारांच्या जुडग्याने जोडलेल्या असतात आणि जवळजवळ प्रत्येक कामाला दोन्ही लागतात. हे जुडगं शस्त्रक्रियेने कापलेल्या रुग्णांवर रॉजर स्पेरी यांनी प्रयोग केले आणि त्यांना १९८१ चं नोबेल मिळालं. 'तुम्ही उजव्या मेंदूचे' हे त्याचं बाजारू भाषांतर.

भाषा मात्र बहुतेकांत डावीकडे झुकलेली असते, हे खरं. उजखोऱ्यांपैकी सुमारे ९५ टक्के, आणि डावखुऱ्यांपैकीही सुमारे ७० टक्के. डावखुऱ्या मुलाचा हात बांधू नका, एवढंच सांगायचं.

१०. आपण मेंदूचा फक्त १० टक्के भाग वापरतो ना?

शंभर टक्के वापरतो. वजनाने शरीराच्या २ टक्के असलेला हा अवयव शरीराच्या ऊर्जेतली २० टक्के खातो, झोपेतसुद्धा. नव्वद टक्के रिकाम्या बसलेल्या कामगारांना इतका पगार कुठली गिरणी देते?

११. घरी तेलुगू, गल्लीत कन्नड, शाळेत मराठी, क्लासला इंग्रजी. पोराच्या मेंदूत गोंधळ होईल का?

अशोक चौकाकडच्या बहुतेक आया हाच प्रश्न विचारतात. सोलापुरात हा प्रश्न पडावा याचं मला आश्चर्यच वाटतं. आपल्या गावात भाजीवालीसुद्धा गिऱ्हाईकाचं तोंड बघून भाषा बदलते.

गोंधळ होत नाही. मूल दोन भाषा एका वाक्यात मिसळतं ती तारांबळ नाही. जो शब्द आधी हाताशी येतो तो ते वापरतं, आणि कुणाशी कुठली भाषा हे फार लहानपणी ओळखतं. एका भाषेतले शब्द मोजले तर एकभाषिक मुलापेक्षा थोडे कमी भरतील. सगळ्या भाषांतले मिळून मोजा, कमी पडत नाहीत. बहुभाषेमुळे बोलायला उशीर होत नाही. दोन वर्षांचं झालं तरी दोन शब्द जोडत नसेल तर 'घरात तीन भाषा आहेत म्हणून' असं म्हणत थांबू नका. आधी कान तपासून घ्या.

आपल्या महामार्गाच्या दुसऱ्या टोकाला हैदराबादेत डॉ. सुवर्णा अल्लाडी आणि सहकाऱ्यांनी स्मृतिभ्रंशाच्या ६४८ रुग्णांच्या नोंदी तपासल्या. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात एकाहून जास्त भाषा बोलणाऱ्यांना हा आजार सरासरी साडेचार वर्षं उशिरा सुरू झालेला दिसला, आणि शाळेचं तोंड न पाहिलेल्यांतही तसंच. एका अभ्यासावरून भाषेला औषध म्हणू नये. लहान मुलं बहुभाषेने जास्त हुशार होतात या दाव्याचा पुरावा तर बराच कच्चा निघालाय. पण आजीची तेलुगू 'शाळेला अडचण नको' म्हणून घरातून काढून टाकायचं कारण काहीच नाही.

१२. आमची आई बोलत-बोलत हजार विड्या वळते, हाताकडे बघतही नाही. हे डोक्याचं काम की हाताचं?

विडी घरकुलातल्या एका नववीच्या मुलीची ही चिठ्ठी मी जपून ठेवलीय.

डोक्याचंच. पान कापणं, चिमटीत नेमकी तंबाखू घेणं, वळणं, टोक मोडणं, दोरा गुंडाळणं. शिकताना कपाळामागचा भाग एकेका पायरीवर लक्ष ठेवतो. हजारदा केल्यावर ते काम मेंदूच्या आत खोल असलेल्या गाठींकडे आणि मागच्या लहान मेंदूकडे सोपवलं जातं. मग वरचा मेंदू गप्पा मारायला मोकळा. लहान मेंदू नावाने लहान, पण आपल्या मेंदूतल्या सुमारे ८६ अब्ज चेतापेशींपैकी ६९ अब्ज तिथेच आहेत. मागावर तुटलेला धागा बोटाने शोधून गाठ मारणाऱ्या विणकराचंही तेच.

हे ज्ञान वेगळ्या खात्यात जमा होतं. हेन्री मोलेसन या अमेरिकन रुग्णाची १९५३ साली मिरगीसाठी शस्त्रक्रिया झाली, आणि त्यानंतर नव्या घटना त्याच्या लक्षात राहीनाशा झाल्या. डॉक्टर रोज त्याला नव्याने भेटत. त्याला आरशात बघून चांदणी गिरवायला दिली. रोज तो म्हणे, हे मी कधी केलेलं नाही, आणि रोज त्याचा हात आदल्या दिवसापेक्षा सफाईदार चाले.

सरावाने मेंदू बदलतोही. लंडनच्या टॅक्सीवाल्यांना परवान्यासाठी सुमारे २५,००० रस्ते पाठ करावे लागतात. वाटा लक्षात ठेवणारा मेंदूचा एक भाग त्यांच्यात मोठा झालेला २००० साली दिसला. नंतर उमेदवारांवरच लक्ष ठेवलं तेव्हा कळलं की परीक्षा पास झाले त्यांच्यातच तो वाढला. म्हणजे मोठा भाग घेऊन ते आले नव्हते, तो त्यांनी घडवला. तर त्या मुलीला सांगितलं: तुझ्या आईने जे केलंय त्याला शिक्षण म्हणतात. फक्त त्याचा दाखला मिळत नाही.

१३. बोटांच्या ठशांवरून मुलाचा कल सांगतात; डोळे बांधून वाचायला शिकवतात. पैसे भरू का?

भरू नका. दोन्ही वेगवेगळ्या गोष्टी आहेत, पण गिऱ्हाईक तेच: पोराच्या काळजीत असलेले आईबाप. माझ्या घरातच हे झालंय. भावाने नातवाचे ठसे दिले, काही हजार मोजले. रंगीत अहवाल आला, त्यात नातू 'संगीतप्रधान' निघाला. तेव्हापासून पोराला पेटी आणून दिलीय, आणि ते बिचारं क्रिकेट खेळायला पळतं.

ठशांवाले सांगतात की बोटावरच्या रेषा आणि मेंदू एकाच वेळी गर्भात बनतात. अर्धं खरं आहे. कातडी आणि मेंदू गर्भाच्या एकाच थरातून येतात. पण रेषा जन्माआधीच कायमच्या ठरतात, आणि मेंदू विशीच्या मध्यापर्यंत पक्का होत राहतो, सरावाने त्यापुढेही बदलतो (प्रश्न १२). जे कधीच बदलत नाही ते जे सतत बदलतं त्याचा नकाशा कसा देणार? भारतीय मानसोपचार संघटनेनेही या चाचणीला शास्त्रीय आधार नसल्याचं सांगितलंय.

डोळे बांधून वाचण्याच्या प्रकाराला 'मिडब्रेन ॲक्टिव्हेशन' म्हणतात. मध्यमेंदू डोळ्यांची हालचाल, बाहुलीचं लहानमोठं होणं अशी कामं करतो, आणि तो तुमचा, माझा, सगळ्यांचा चालूच असतो. बंद पडला तर माणूस बेशुद्ध होतो. मुलं वाचतात ती नाकाच्या शेजारच्या फटीतून. गळ्याखाली पुठ्ठा आडवा धरा, वाचन थांबतं. अंनिसचे कार्यकर्ते हे वर्षानुवर्षं दाखवत आलेत. मला खरं वाईट वाटतं ते दुसऱ्याच गोष्टीचं: पोराला फटीतून दिसतंय हे ठाऊक असतं, आणि आईबापांना खूश ठेवायला ते खोटं बोलायला शिकतं.

१४. डोक्याला मार लागला तर झोपू द्यायचं नाही, असं का म्हणतात?

कानशिलाजवळचं हाड फार पातळ, आणि त्याच्या आतून एक धमनी जाते. तिथे मार बसून ती फाटली तर माणूस थोडा वेळ अगदी नीट बोलतो-चालतो, मग आत रक्त साठत जाऊन गुंगीत जातो. घरच्यांना वाटतं दमून झोपलाय. त्या भीतीतून ही म्हण आलीय. डॉक्टरांनी तपासून घरी पाठवलं असेल तर झोपायला हरकत नाही. मधून उठवून नीट ओळखतो, बोलतो का ते पाहा.

यापैकी काहीही दिसलं तर वाट न बघता १०८ ला फोन: पुन्हा पुन्हा उलटी, वाढत जाणारी डोकेदुखी, गुंगी, झटका, बरळणं, एका बाजूची ताकद कमी, दोन्ही बाहुल्या लहानमोठ्या, नाका-कानातून रक्त किंवा पाणी.

फसवा अपवाद म्हाताऱ्या माणसांचा. वयानुसार मेंदू थोडा आकसतो, बारीक रक्तवाहिन्या ताणल्या जातात. मोरीत पाय घसरून हलकासा मार लागतो, सगळे विसरूनही जातात, आणि दोन-तीन आठवड्यांनी आजोबा अडखळायला, विसरायला लागतात. 'वय झालं' म्हणू नका. रक्त पातळ व्हायची गोळी चालू असेल तर मुळीच नाही.

१५. सोलापूरच्या उन्हात हेल्मेट? डोकं शिजतंय की ओ!

शिजत नाही, घाम येतो. हेल्मेटचं खरं काम वरच्या टणक टोपाचं नसून आतल्या थर्माकोलचं आहे. तो चेपला जातो आणि डोकं थांबायला काही क्षण जास्त मिळतात. त्या क्षणांवरच सगळं अवलंबून (प्रश्न २). म्हणून एकदा आपटलेलं हेल्मेट वरून चकचकीत दिसलं तरी बदला, आयएसआय चिन्हाचं घ्या आणि पट्टा लावा. टाकीवर ठेवलेलं हेल्मेट टाकीला वाचवतं. कायद्याने ४ वर्षांवरच्या प्रत्येकाला ते लागतं, मागे बसलेल्यालाही.

१६. आमच्या बाळाचं डोकं शेजारच्या बाळापेक्षा लहान आहे. मग हुशारीवर परिणाम होणार का?

शेजारच्या बाळाशी तुलना करू नका, त्याच्या स्वतःच्याच मागच्या मापाशी करा. जन्मताना घेर साधारण ३३ ते ३५ सेंटिमीटर असतो आणि पहिल्या वर्षात १२ च्या आसपास वाढतो. लसीकरणाच्या वेळी टेप लावून कार्डावर नोंद करून घ्या. रेष आपल्या वाटेने चढत असेल तर लहान डोकंही ठीकच. बापाचं डोकं बघा, तिथेच उत्तर असतं.

वाढ थांबली, किंवा घेर फार झपाट्याने वाढला तर तपासणी हवी. पहिल्यात कधी मेंदूची वाढच खुंटलेली असते, दुसऱ्यात कधी प्रश्न २ मधला द्रव आत साठत असतो, त्यावर शस्त्रक्रिया आहे. इथे डोक्याचं माप कामाचं ठरतं. पण त्यातून आजार कळतो, अक्कल नव्हे.

१७. बदाम, ब्राह्मी, शेंगाचटणी: स्मरणशक्तीला काय चांगलं?

शेंगाचटणी भाकरीला चांगली. बदाम खाऊन गणित सुटत नाही. वाढत्या मेंदूला खरंच अडतं ते आयोडीन आणि लोह, म्हणून मीठ आयोडीनयुक्त घ्या आणि मुलींचं हिमोग्लोबिन बघा. गरोदर राहण्याआधीपासून फॉलिक ॲसिडची गोळी (दिवसाला ४०० मायक्रोग्रॅम) घेतली तर बाळाच्या मेंदू-मणक्याचे काही दोष टळतात. बाकी झोप. बोर्डाच्या आदल्या रात्री जागू नका, वाचलेलं पक्कं होतं ते झोपेतच.

१८. पुरुषांचा मेंदू मोठा असतो म्हणे?

सरासरी दहाएक टक्क्यांनी. शरीरही मोठं असतं. पुढचं प्रश्न ५ मध्ये आहे, नवरोबांना वाचून दाखवा.

१९. अर्ध्या मेंदूवर माणूस जगू शकतो का? व्हिडिओ बघितला.

जगतो. काही लहान मुलांना एका बाजूच्या मेंदूतून न थांबणारे झटके येतात, तेव्हा ती बाजू काढतात किंवा तोडून वेगळी करतात. लहान वयात झालं तर उरलेली बाजू भाषासुद्धा उचलते, मूल चालतं, शाळेत जातं. एका हाताची बोटं बहुधा अडखळतात आणि एका बाजूची नजर जाते. मोठेपणी हीच तडजोड मेंदूला इतकी जमत नाही.

२००७ साली फ्रान्समधल्या एका ४४ वर्षांच्या माणसाची बातमी आली. कवटीत द्रवच द्रव, मेंदूचा थर कडेला दाबला गेलेला, तरी नोकरी, बायको, दोन मुलं. यावरून 'मेंदू लागतच नाही' असे संदेश फिरतात. त्याचा बुद्ध्यंक ७५ होता, आणि मेंदू नाहीसा झाला नव्हता, वर्षानुवर्षं हळूहळू दबत गेला होता. हळू आलेल्या संकटाशी मेंदू जुळवून घेतो. तेच एका रात्रीत झालं असतं तर तो वाचला नसता.

२०. सर, तुमच्याकडची कवटी खरी आहे का?

पाचवीपासून बारावीपर्यंत सगळ्यांचा हा प्रश्न. प्लॅस्टिकची आहे. जबड्याला स्प्रिंग आहे, ती एकदा मुख्याध्यापकांच्या चहात पडली. खऱ्या सांगाड्यांचा कलकत्त्यातून जगभर मोठा व्यापार चालायचा, १९८५ साली भारताने मानवी अवशेषांची निर्यात बंद केली. आता विद्यार्थ्यांना खरा मेंदू हातात घेऊन शिकता येतो तो देहदान करणाऱ्यांमुळे. आपल्याकडे डॉ. वैशंपायन स्मृती शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे, देहदानाची चौकशी शरीररचनाशास्त्र विभागात करायची. दोन गोष्टी मात्र लक्षात असू द्या. अर्ज तुम्ही भरला तरी शेवटी देह नेऊन देणारे घरचेच असतात, म्हणून त्यांना आधी विश्वासात घ्या. आणि अपघाती मृत्यू होऊन शवविच्छेदन झालं असेल तर देह सहसा घेत नाहीत, म्हणून प्रश्न १५ पुन्हा वाचा.